सतरा मरणांचे मामा

आख्ख्या अंधेरीत, म्हणजे पूर्व आणि पश्चिम दोन्ही धरून, आणि हवं तर वर्सोव्याचा समुद्रही त्यात घ्या, आमच्या मामेसासऱ्यांइतक्या वेळा मेलेला माणूस तुम्हाला सापडणार नाही. सतरा वेळा. त्यातलं एकही मरण अंथरुणावरचं नाही. गोळी लागून मेले, तलवारीनं मेले, बाण लागून मेले, उंटावरून पडून मेले आणि एकदा तर उंटच अंगावर पडून मेले. हे उंटाखालचं मरण ते फार अभिमानानं सांगतात, कारण त्यात उंटाची निवड म्हणे त्यांच्या सल्ल्यानं झाली होती. आणि ही सगळी मरणं झाली कुठे, तर सोव्हिएत युनियनच्या सिनेमांत. तो देशच आता नकाशावर नाही, त्यामुळे पुरावा मागायला जायचं कुणाकडे? आमच्या सोसायटीचे सेक्रेटरी खवचटपणे म्हणतात, "मामांनी मरून मरून तो देश संपवला." मामा ह्याचा राग मानत नाहीत. उलट शांतपणे सांगतात, "मी परत आलो आणि दहा वर्षांत देश कोसळला. आता काय समजायचं ते तुम्हीच समजा."

मामा मूळचे मालवणकडचे, वाढले लालबागच्या चाळीत. वडील गिरणीत, आई घरात, आणि आईला सिनेमाचं असं वेड की भाताला आधण ठेवून मॅटिनीला गेली आणि इंटरव्हलमध्ये येऊन तांदूळ वैरून परत गेली, असं खुद्द मामाच सांगतात. मामा ज्या कारखान्यात लेथ चालवायचे, त्या कारखान्यानं सत्तरच्या दशकात एक रशियन यंत्र घेतलं आणि ते शिकायला तिघांना सहा महिन्यांसाठी मॉस्कोला धाडलं. दोघं सहा महिन्यांत यंत्र शिकून परत आले. मामा अकरा वर्षांनी परत आले आणि यंत्र त्यांना शेवटपर्यंत आलं नाही. झालं असं, की तिथल्या कारखान्याच्या कँटीनमध्ये मामा कोबीचं सूप पीत बसले होते, आणि सिनेमाच्या स्टुडिओतली एक बाई दूरदेशीचा माणूस शोधत तिथे आली. कुठल्या दूरदेशीचा, ते तिलाही पक्कं ठाऊक नव्हतं. मामांचा सावळा रंग, झुपकेदार मिशी आणि सुपाकडे बघताना डोळ्यांत दाटलेलं दुःख पाहून तिनं त्यांना वाडग्यासकट उचललं. त्या चेहऱ्याचा गुणच असा, की टोपी बदलली की देश बदलायचा. फेटा बांधला की हिंदुस्थानी फकीर, गोंड्याची टोपी घातली की तुर्की हेर, गवताची टोपी घातली की क्यूबाच्या बाजूचा मच्छीमार, आणि नुसतंच तेल चोपडून उघडं उभं केलं की जगातल्या कुठल्याही गुलाम देशातला पीडित माणूस तयार.

त्यांना चुकून कुणी 'एक्स्ट्रा' म्हटलं तर मात्र आभाळ कोसळतं. "एक्स्ट्रा गर्दीत असतो," मामा ताठ बसून सांगतात. "मी दुय्यम नट. मला नाव होतं. पाटीवर नव्हतं, मान्य. पण मी मेलो की हिरो माझं नाव घेऊन किंचाळायचा. एक्स्ट्रासाठी कोण किंचाळतं काय?" ह्या युक्तिवादापुढे मी वीस वर्षांपूर्वीच हात टेकले.

पण विश्वास न ठेवणारी माणसं पुष्कळ होती. मामांना त्यातल्या एकाच माणसाची पर्वा होती. ते माणूस म्हणजे त्यांची थोरली बहीण, त्यांची 'बाय', माझ्या सासूबाई. सासूबाई आमच्याकडेच राहतात, मरोळला, तिसऱ्या मजल्यावर. मामांची खोली त्याच बिल्डिंगमध्ये तळमजल्यावर. मामांनी लग्न केलं नाही, त्यामुळे दोन्ही वेळा जेवायला वर. बहीणभाऊ एकाच सोफ्यावर बसतात, एकाच बशीतला चिवडा खातात, आणि चाळीस वर्षांहून जास्त काळ सासूबाई भावाशी एक अक्षर बोललेल्या नाहीत. बोलायचं ते मधल्या माणसाच्या हवाली. "विचार त्याला, भात वाढू का?" मामा शेजारीच. मी विचारायचं, "मामा, भात वाढायचा का?" मामा म्हणणार, "अर्धी वाटी." मी म्हणायचं, "अर्धी वाटी." माझ्या लग्नात मधला माणूस कुणी सापडेना, तेव्हा 'भावाला सांगा, अक्षता नीट टाक' हा निरोप भटजींनी मंगलाष्टकांच्या चालीत पोचवला. घरी कुणी नसलं तर सासूबाई फ्रीजकडे तोंड करून बोलतात आणि मामा फ्रीजला उत्तर देतात.

कारण एकच. आई गेली तेव्हा मामा नव्हते. चार महिन्यांनी उगवले. तार मिळाली होती, पण तो देश सोडायच्या परवान्यालाच चार महिने लागले, असं मामांचं म्हणणं. त्याआधीची अकरा वर्षं का आला नाहीस, तर म्हणे शूटिंग. दर वर्षी गणपतीला येतो म्हणून कळवायचे, आणि दर वर्षी भाद्रपदात त्यांना तिकडे कुणीतरी ठार मारायचं. सासूबाईंनी ह्यातलं एक अक्षर खरं मानलं नाही. "सिनेमा नाही न् बिनेमा नाही," त्या माझ्या बायकोला सांगायच्या, मामांना ऐकू जाईल इतक्या जोरात. "तिकडे गोरी मडम होती. आईक विसरलो तो. आणि वर ह्या गजाली रचून सांगता." मामा खाली मान घालून भात कालवायचे. मग जिन्यात मला गाठून म्हणायचे, "जावयबापू, बायच्या डोळ्यांदेखत एकदा तरी मरायला मिळू दे. मग खराच मेलो तरी चालेल."

ह्या एका इच्छेपायी त्यांनी रोजच्या जगण्याची जी वाट लावली ती सांगायलाच हवी. सिनेमा दाखवता येत नाही, तर निदान मरण तरी दाखवावं, असं त्यांनी ठरवलं. दिसेल तिथे मरायला लागले. सोसायटीच्या सभेत पार्किंगवरून भांडण पेटलं की मामा उठणार, छातीवर हात ठेवणार, दीड गिरकी घेणार आणि खुर्चीसकट कोसळणार. "डावीकडून गोळी," ते पडल्या पडल्या समजावून सांगायचे. "उजवीकडून लागली असती तर गिरकी उलटी." एकदा मासळी बाजारात बाण लागून कसं मरतात ते दाखवताना ते सुरमईच्या पाटीवर आडवे झाले. पाटीमागची कोळीण काही घाबरली नाही. तिनं कोयत्याच्या टोकानं त्यांना ढोसलं आणि म्हणाली, "ओ बाबा, मरायचं तर पलीकडच्या गाळ्यावर जाऊन मर. माझी भवानी व्हायची आहे अजून." मामा उठले, अंगावरचे खवले झटकले आणि मला म्हणाले, "बघितलंत? पूर्ण विश्वास बसला तिचा."

सवयीही सगळ्या तिकडच्या. घरातून बाहेरगावी निघण्याआधी सगळ्यांनी एक मिनिट गप्प बसायचं, मगच उंबरा ओलांडायचा, ही तिकडची रीत. सेक्रेटरींच्या मुलीचं लग्न घाटकोपरच्या हॉलवर होतं. दोन बसगाड्या खाली उभ्या, वऱ्हाड नटूनथटून जिन्यात, आणि मामांनी आडवा हात धरला. "बसा. सगळे बसा. एक मिनिट." माणूस म्हातारा, आवाज सेनापतीचा, साठ माणसं शालू-फेट्यांसकट पायऱ्यांवर बसली. पहिल्याच पायरीवर वधूचे थोरले काका होते. पहाटेपासून उठलेले. त्यांना त्या एका मिनिटात जी झोप लागली ती मोडेना, आणि त्यांना ओलांडून जायला कुणी धजेना. मुहूर्त अकरा मिनिटांनी हुकला. संसार झकास चाललाय मुलीचा, पण सेक्रेटरींनी मामांवर तेव्हापासून जो डूक धरलाय, तो धरलाय. दुसरी रीत, घोट घेण्याआधी भाषण करायचं. मामा पीत नाहीत, म्हणून ते सोलकढीचा पेला उंचावून भाषण करतात. माझ्या पन्नाशीला त्यांनी राष्ट्राराष्ट्रांतल्या मैत्रीवर, कामगारांच्या एकजुटीवर आणि माझ्या वाढलेल्या पोटावर असं सलग बोलून दाखवलं, की तेवढ्यात बिरड्याची उसळ दोनदा गरम करावी लागली.

फोटोत ते कधी मधे उभे राहत नाहीत. फोटोग्राफरनं कितीही ओढलं तरी आपोआप एक पाऊल मागे जातात, डावीकडून तिसरे होतात आणि चेहरा अर्धा वळवतात. आमच्या घरच्या प्रत्येक लग्नाच्या अल्बममध्ये मामा असे दिसतात, जणू नवरदेवाला दगाफटका होणार आहे आणि ते ह्यांना एकट्यालाच ठाऊक आहे. आणि पापणी! दुय्यम नटानं हिरो बोलत असताना पापणी हलवायची नसते, लोकांचं लक्ष जातं, असं त्यांना तिकडच्या कुणा दिग्दर्शकानं शिकवलं होतं. त्यामुळे तुम्ही बोलायला लागलात की मामा ताबडतोब तुम्हाला हिरो मानतात. हलत नाहीत, खोकत नाहीत, डोळे ताठ. गॅसवाला, इस्त्रीवाला, दुसऱ्या मजल्यावरच्या घटस्फोट घेऊ बघणाऱ्या बाई, सगळे त्यांच्या खोलीत येऊन मन मोकळं करून जातात. त्या बाईंनी शेवटी घटस्फोट घेतला नाही. म्हणाल्या, "चार दिवस कुणीतरी नीट ऐकून घेतलं, तेवढं पुरलं."

अंधेरीत राहायचं आणि सिनेमावाल्यांच्या वाटेला जायचं नाही हे कसं जमणार? जाहिरातींसाठी म्हातारे हवे असतात असं कळलं की मामा इस्त्रीचा कोट घालून पश्चिमेला. एकदा मी बरोबर होतो. गुडघेदुखीच्या तेलाची जाहिरात. समोर विशीतली एक चुणचुणीत मुलगी.

"अंकल, तुम्ही तेल लावता आणि जिना चढता."

"मग?"

"वर नातू असतो. तुम्ही त्याला उचलता."

"मग?"

"मग हसता. दॅट्स इट."

मामा विचारात पडले. "आणि मी मरतो कधी?"

"मरत नाही, अंकल. तेलाची ॲड आहे."

"सातव्या पायरीवर मेलो तर?"

"अंकल, प्लीज."

"बरं, नातवाला उचलतो, हसतो आणि मग मरतो. हसत हसत. फार परिणाम होतो."

ते काम त्यांना मिळालं नाही. रिक्षात बसताना म्हणाले, "ह्या लोकांना जगवायचंच माहीत आहे. कला म्हणून नाही."

तर असा हा माणूस. आणि माझी मुलगी केतकी नोकरी करते ती नेमकी अंधेरीतल्याच एका ऑफिसात, परदेशी मालिकांना सबटायटल्स लावायची. तिकडे मॉस्कोत बसून तेच काम करणारी एक बाई तिच्या ओळखीची झाली. केतकीनं सहज म्हणून मामाआजोबांच्या हकिकती तिला लिहून पाठवल्या. उंट, बाण, गवताची टोपी, जे जे आठवलं ते सगळं. तीन महिने काही नाही. मग एका शनिवारी त्या बाईनं एका सिनेमाची लिंक धाडली. एक सोव्हिएत जहाज दूरच्या उष्ण देशात जातं, तिथला एक गरीब मच्छीमार हिरोला आपल्या होडीतून पलीकडे पोचवतो आणि मरतो.

"हाच तो!" मामा खुर्चीतून उठले ते पुन्हा बसलेच नाहीत. "पहिलं मरण! क्रिमियाच्या किनाऱ्यावर काढला, भर हिवाळ्यात. उष्ण देश ना, म्हणून मी उघडा. तोंडातून वाफ निघायची. ती दिसू नये म्हणून शॉटच्या आधी आम्हाला बर्फ चघळायला द्यायचे."

केतकीनं आजीला निरोप दिला. सासूबाई बराच वेळ तांदूळ निवडत बसल्या. मग म्हणाल्या, "सांग त्याला, बघीन मी. पण त्यात तो दिसला नाही, तर हा विषय परत ह्या घरात नको. आणि त्यानंही परत वर यायला नको. डबा खाली पाठवीन."

मामा लगेच म्हणाले, "कबूल." पण रात्रीचं जेवले नाहीत.

रविवारी दुपारी तीन वाजता आमच्या हॉलमध्ये टीव्हीपुढे सोसायटी जमली. सेक्रेटरी पहिल्या रांगेत, पंचनाम्याला आल्यासारखे. सासूबाई सोफ्यावर, चष्मा पुसून, काठी गुडघ्यांत धरून. मामा कोटात. सिनेमा सुरू झाला आणि पहिली चाळीस मिनिटं नुसतं जहाजाचं इंजिन दिसलं. मग खलाशी गायले. मग एका खलाशाला घरची आठवण आली, तेव्हा पुन्हा इंजिन. एक सावळा माणूस दिसला. "हेच का?" सेक्रेटरी. "नाही, तो ताश्कंदचा. चांगला होता बिचारा." दुसरा दिसला. "तो नाही." तिसरा, पाठमोरा. "तो मी!" मामा ओरडले. गवताची टोपी एक क्षणभर पडद्याच्या कडेनं गेली.

"टोपी दिसली," सेक्रेटरी म्हणाले. "टोपी काय, कुणीही घालील."

होडीचा प्रसंग आला. सगळं धुकं. मच्छीमार वल्ही मारतोय, टोपी खाली ओढलेली, चेहऱ्यावर काळोख. गोळी सुटली. मच्छीमारानं दीड गिरकी घेतली. गिरकी मात्र ओळखीची होती हो! सभेत बघितलेली. पण पडला तो पालथा. हिरोनं त्याला उलटं केलं, मांडीवर घेतलं, कॅमेरा जवळ गेला, आम्ही सगळे पुढे सरकलो, आणि हिरोचा भलाथोरला खांदा आडवा आला. मागून दिसत होता एक कान आणि निम्मी मिशी. मामांना त्या हिरोचा खांदा पन्नासेक वर्षं खुपत असणार. आता तो पहिल्यांदा आम्हालाही खुपला.

"मिशीसुद्धा कुणाचीही असू शकते," सेक्रेटरी म्हणाले, पण ह्या वेळी त्यांनाही ते बोलून बरं वाटलेलं दिसलं नाही.

मामा कुणाकडे बघेनात. पडद्यावर मिशी हलत होती. मच्छीमार मरता मरता काहीतरी बोलत होता आणि त्याच्यावरून एका जाड्या आवाजाचा माणूस रशियनमध्ये अर्थ सांगत होता. तिकडे अशीच पद्धत. परदेशी पात्रानं आपल्या भाषेत बोलायचं, वरून त्यांच्या माणसानं भाषांतर वाचायचं. खालचं इंग्रजी केतकी आम्हाला मराठीत सांगत होती, "साथी, माझ्या देशबांधवांना सांग, पहाट जवळ आली आहे."

"थांब," सासूबाई म्हणाल्या.

केतकीनं थांबवलं.

"मागे घे. आवाज मोठा कर."

ती मागे गेली. जाडा आवाज पुन्हा घुमला. सासूबाईंनी काठी बाजूला ठेवली. "अजून मोठा." आता खिडकीच्या काचा थरथरायला लागल्या. आणि त्या जाड्या रशियन आवाजाच्या तळाशी, विहिरीतून यावा तसा, एका तरुण पोराचा आवाज आला.

"आये गे, मी बरो आसंय. हय थंडी लय आसा, पण तू काळजी करू नको. बाबांक सांग, खोकलो आसा तर रातपाळी घेव नको. बायच्या लग्नाक येवक गावला नाय, तिका सांग, राग धरू नको म्हणान. चतुर्थीक येतलंय मी. करंज्ये ठेव माका."

आणि हिरोच्या मांडीवर मान टाकून मेला.

वरून जाडा माणूस म्हणत होता, आमचे झेंडे उंच राहतील.

मामा कोटाच्या बटणाशी चाळा करत होते. "त्यांनी सांगितलं, तुझ्या भाषेत काय हवं ते बोल, वरून आम्ही झाकू," ते कुणालाच न बघता म्हणाले. "मला वाटलं, आपले सिनेमे तिकडे येतात. तिकिटाला रांगा लागायच्या, मी स्वतः उभा राहिलोय. मग तिकडचे इकडे येणारच की. आईला पत्र वाचता येत नव्हतं. चाळीतल्या कुणीतरी वाचायचं, दहा जणांनी ऐकायचं. म्हटलं, सिनेमा लालबागला लागेल, आई मॅटिनीला जाईलच, आणि थेट तिलाच कळेल. बाकीचे रशियन ऐकतील. म्हणून जेव्हा जेव्हा मेलो, तेव्हा तेव्हा तिला सांगून मेलो."

"सगळ्या सिनेमांत?" केतकीनं विचारलं.

"मच्छीमार काय, तुर्की हेर काय. उंटाखाली होतो तेव्हा नीट बोलता नाही आलं."

जगात इतकं वेड्यासारखं टपाल कुणी टाकलं नसेल. आणि त्यातलं एकही लालबागला पोचलं नाही. सेक्रेटरी रुमालात नाक शिंकरत होते आणि धुळीचा त्रास होतो म्हणून सांगत होते.

सासूबाईंनी केतकीकडे तोंड वळवलं. "सांग त्याला," त्यांनी सुरुवात केली आणि थांबल्या. मग सोफ्यावर बसल्या बसल्या पूर्ण वळल्या, भावाकडे, आणि चाळीस-बेचाळीस वर्षांत पहिल्यांदा सरळ त्याच्या तोंडावर म्हणाल्या, "मेल्या, आयेन इणलेलो स्वेटर खंय होतो? थंडीत उघडोच बसलंस तो?"

"कपडेपटवाल्यानं घालू दिला नाय गो बाय. उष्ण देश..."

"उष्ण देश तुझ्या कपाळाचो! न्युमोनिया झालो असतो म्हणजे?"

मामा ओरडा खात होते आणि त्यांच्या चेहऱ्यावर असा आनंद होता, की एवढा मी त्यांना मरतानासुद्धा कधी बघितला नव्हता.

त्यानंतर आमचे रविवार बदलले. मॉस्कोच्या बाईनं धडाका लावला. गोंड्याच्या टोपीचा सापडला, फकीर सापडला. सासूबाई आता फ्रीजशी बोलत नाहीत. भावाला थेट आणि दिवसभर शिव्या घालतात, चाळीस वर्षांची बाकी आहे. आवाज मोठा करून दोघं ऐकत बसतात. तुर्की हेर फासावर जाता जाता विचारतो, माडीवरच्या काकूक झील, म्हणजे मुलगा, झालो काय? फकीर भाल्यावर लटकून सांगतो, हयसर भात मिळता, पण चिकट. दर वेळी शेवटी चतुर्थीक येतलंय, आणि दर वेळी सासूबाई पडद्याला म्हणतात, "येतंस तो! खोटारडो मेलो."

गेल्या महिन्यात सतरावा सापडला. शेवटचा. मामांनी आधीच सांगितलं, "तो नको बघूया." सासूबाईंनी ऐकलं नाही. वाळवंटातला वाटाड्या, गोळी पोटात, आणि ह्या वेळी हिरोचा खांदा आडवा नव्हता. मामांचा आख्खा चेहरा, तरुणपण ओसरायला लागलेला, पडदाभर. ओठ हलत होते. वरून जाडा माणूस स्वातंत्र्याबद्दल बोलत होता, बराच वेळ. केतकीनं आवाज वाढवला. आणखी वाढवला. खाली काहीच नव्हतं. तिनं मागे घेऊन पुन्हा लावलं. ओठ हलत होते, आवाज नव्हता.

"हय काय बोललंस नाय?" सासूबाईंनी विचारलं.

मामा पडद्याकडे बघत होते. "तार येवन तीन दिवस झाले होते. परवानो मिळाक नव्हतो. कोणाक सांगतलंय?"

सासूबाईंनी भावाच्या कोटाची बाही धरली. शिवी दिली नाही. "मी होतंय मां रे हय, सांगाक," त्या म्हणाल्या.

बायकोनं मला खूण केली आणि आम्ही दोघं केतकीला घेऊन स्वयंपाकघरात सरकलो. चहाचं आधण ठेवलं, उकळून आटलं, पुन्हा ठेवलं. बाहेर मामा बोलत होते. सावकाश, मालवणीत, मधेच थांबून. काय सांगत होते ते आम्हाला नीट ऐकू आलं नाही, आणि कुणी दाराशी जाऊन ऐकलंही नाही. एकदा मी चहाचे कप घेऊन डोकावलो. सिनेमा बंद करायचं कुणाला सुचलं नव्हतं. टीव्हीवर घोडे उधळत होते, झेंडे फडकत होते, हिरो जिंकत आला होता आणि त्याच्याकडे कुणीच बघत नव्हतं.